पाठमोरी रांग

नाव तोंडातून निघालं तेव्हा इंदूबाई हसत होत्या. पुढे कित्येक दिवस त्यांना टोचत राहिलं ते हेच. कोणी दमदाटी केली नव्हती, कोणी दार लाथाडून आत आलं नव्हतं. दिग्रस रोडवरच्या शिक्षक कॉलनीतल्या त्यांच्याच घराच्या ओट्यावर, त्यांच्याच हातचा चहा बशीत ओतून पीत, रूपसिंगने मोबाइल पुढे धरला आणि सहज विचारावं तसं विचारलं, "बाई, तुमी तं पाठीवरून पोरगं ओळखत होत्या. ओळखा बरं, हा कोन असन?" रूपसिंग राठोड त्यांचा जुना विद्यार्थी, आता पोलिसात शिपाई. पण त्या सकाळी तो साध्या शर्टात आला होता, येताना तांड्यावरची सीताफळं घेऊन आला होता, वाकून पाया पडला होता. आणि निवृत्त होऊन इतकी वर्षं झालेल्या बाईला आपलं कसब अजून शाबूत आहे की नाही हे पाहायची हौस आली. त्यांनी पदराने चष्मा पुसला. पडद्यावर धूर होता. तहसीलच्या फाटकाकडून पळत सुटलेली माणसं होती, सगळी पाठमोरी, बहुतेकांच्या डोक्या-तोंडाला दुपट्टे गुंडाळलेले. एक जण मात्र पळत नव्हता. तो खाली वाकत होता. "थांब, मागे घे जरा," म्हणून त्यांनी ते पुन्हा पाहिलं, आणि वर्गातल्या शेवटच्या पोराने अवघड गणित सोडवावं तसा आनंद त्यांच्या चेहऱ्यावर पसरला. "अरे, हा तर आपला धम्मरत्न. तुझ्या शेजारीच बसायचा की." रूपसिंगही हसला. मग त्याने चहा संपवला, मोबाइल खिशात घातला, पुन्हा पाया पडला. दुपार व्हायच्या आत धम्मरत्न मनवरला त्याच्या मोटार रिवाइंडिंगच्या दुकानातून उचललं.

उचललं. गावात हल्ली हाच शब्द चालतो. अटक केली म्हणायचं तर कशासाठी केली ते सांगावं लागतं, कुठे ठेवलं ते सांगावं लागतं. उचललं म्हटलं की पुढचं कोणी विचारत नाही. बोरं उचलावीत, शेण उचलावं, तशी माणसं उचलली जातात. बातमी सांगणारी शेजारीण हा शब्द इतक्या सवयीने बोलून गेली की इंदूबाईंना तिच्या तोंडाकडे बघवेना. त्या आत गेल्या. ताटातली सीताफळं एका बाजूने पिकून फुटली होती आणि सगळ्या स्वयंपाकघरात तो गोड, जड वास भरला होता. त्यांनी ती उचलून मागच्या दारी टाकली. हात धुतले. वास हाताला राहिलाच. त्यांनी राखेने हात घासले, मग पुन्हा साबणाने, आणि घासता घासता लक्षात आलं की आपल्याला रडू येत नाहीये, आपल्याला संताप आलाय, आणि तो कोणावर काढायचा हे अजून ठरत नाहीये.

वर्गात मागे उभं राहायचं ही त्यांची खोड होती. नोकरी लागली ती दारव्ह्याकडच्या एका एकशिक्षकी शाळेत. चार वर्ग एका खोलीत. सगळे शिक्षक फळ्याशी उभे राहत. इंदूबाई फळ्यावर लिहून झालं की मागच्या भिंतीशी जाऊन थांबत. पोरांना बाई दिसायच्या नाहीत, फळा दिसायचा, आणि बाईंना दिसायच्या त्या सगळ्या पाठी. एकदा तपासणीला आलेल्या साहेबाने शेरा मारला होता की शिक्षिका वर्गाच्या मागे उभ्या राहतात, शिस्त नाही. इंदूबाईंनी शांतपणे सांगितलं होतं की साहेब, पोर दुसरीत गेलं की त्याचा चेहरा खोटं बोलायला शिकतो, पाठीला ते जमत नाही. ज्याला गणित कळलं नाही त्याची मान आधी ताठ होते आणि मग एका बाजूला कलते. ज्याने सकाळी काही खाल्लेलं नाही त्याचे खांदे पुढे येतात. घरी मार खाल्लेलं पोर भिंतीला टेकत नाही. मागून चालत जायचं, वाकून कानाशी बोलायचं, कोणाला कळूही न देता चूक दुरुस्त करायची, ही त्यांची पद्धत. पुढे या तालुक्याच्या गावात बदली झाली, मोठी शाळा मिळाली, पण भिंत तीच मागची. त्यामुळे बाजारात, एसटीत, लग्नाच्या पंगतीत त्यांना माणसं मागून आधी ओळखू यायची. त्या हाक मारायच्या आणि मिशा फुटलेला बाप्या दचकून वळायचा. पोरांना याचं भारी कौतुक. रूपसिंगला ते ठाऊक होतं. तो सीताफळं घेऊन आला तो हे ठाऊक होतं म्हणूनच आला, एवढं साधं त्यांना चहा उकळताना कळायला हवं होतं.

धम्मरत्नचा डावा खांदा वर असायचा. धाकट्या पायलला कडेवर घेऊन तो शाळेत यायचा, बहीण बसायच्या पट्टीवर झोपायची आणि हा तिच्यावर माशी बसू नये म्हणून एका हाताने वारा घालत दुसऱ्या हाताने पाढे लिहायचा. पोर मोठं झालं, बहीण कडेवरून उतरून लग्न होऊन गेली, खांदा मात्र तसाच राहिला. आणि रूपसिंग आला तेव्हा त्याला मराठीचं अक्षर येत नव्हतं. मायबाप ऊसतोडीला जाताना त्याला आजीपाशी तांड्यावर ठेवून गेलेले. पहिले काही दिवस तो दाराकडे तोंड करून "याडी, याडी" एवढंच म्हणत रडायचा. याडी म्हणजे आई, हे इंदूबाईंना सांगितलं ते धम्मरत्नने, कारण त्याच्या वस्तीतून तांड्याची वाट जात होती. बाईंनीच त्या दोघांना शेजारी बसवलं. एकाने दुसऱ्याला मराठी शिकवली. हे सगळं आठवताना पूर्वी त्यांना बरं वाटायचं. आता तीच आठवण दाताखाली खडा यावा तशी येत होती. मी बसवलं शेजारी. मीच.

धम्मरत्नच्या वस्तीच्या मागे ई-क्लासची जमीन होती, म्हणजे गावाच्या गुरांसाठी सरकारने राखलेलं पडीक रान. बौद्ध वस्तीच्या शेळ्या तिथे चरत, तांड्याच्या गाई चरत, आणि एका कोपऱ्यात वस्तीची स्मशानभूमी. गेल्या उन्हाळ्यात तिला तारेचं कुंपण पडलं. कोण्या कंपनीचे सोलरचे पत्रे तिथे बसणार, वरून मंजुरी आहे, असं सांगण्यात आलं. वस्तीने अर्ज केले. मग वस्तीत एक म्हातारी वारली आणि तिला न्यायला जागा उरली नाही. त्या दिवसापासून बायका-पोरं तहसीलसमोर ताडपत्री टाकून बसली. घोषणाही फार नव्हत्या. दुपारी भाकरी खायच्या, संध्याकाळी बुद्धवंदना म्हणायची. इंदूबाई बँकेत जाता-येता बघायच्या. एकदा थांबून रामीबाईशी, धम्मरत्नच्या आईशी, दोन शब्द बोलल्याही होत्या. मग एके दिवशी कोण मोठा माणूस त्या रस्त्याने जाणार म्हणून रस्ता मोकळा करायचा हुकूम आला. इंदूबाईंना आधी ऐकू आले ते फटाके वाटले. मग खिडकीतून तो धूर आला, मिरच्या जाळल्यासारखा, आणि घशाला असा लागला की त्या न्हाणीघरात जाऊन बसल्या. संध्याकाळी मोबाइलचं इंटरनेट बंद. दुसऱ्या दिवशी वस्तीत पोलीस शिरले, दारं तोडली, उभ्या गाड्यांच्या काचा फोडल्या, पिण्याच्या पाण्याची टिपाडं उलथी केली. पाण्याची टिपाडं. इंदूबाईंच्या डोक्यात ते एवढंच अडकून बसलं होतं. पाण्याने काय गुन्हा केला होता? इंटरनेट सुरू झालं तेव्हा कॉलनीच्या ग्रुपवर आधी आला तो पिंपळाच्या पानाचा सुप्रभात, आणि मग कोणीतरी लिहिलं की ही शहरी नक्षलवाद्यांची फूस आहे, बरं झालं. खाली हात जोडलेली चित्रं. त्यांतले अर्धे हात निवृत्त शिक्षकांचे होते.

धम्मरत्नला उचललं त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी रामीबाई फाटकाशी उभी राहिली. आत ये म्हटलं तरी येईना. उजवा हात कोपरापासून साडीच्या चिंधीने गळ्यात अडकवलेला. ती बाईंना दोष द्यायला आली नव्हती. तिला काही माहीतच नव्हतं. ती आली होती शब्द टाकायला. ठाण्यात पोराला भेटू देत नाहीत, डबा घेत नाहीत, कुठे ठेवलाय ते सांगत नाहीत. "थो रूपसिंग तुमच्या हाताखालचा हाय ना बाई. त्याले म्हना, निस्तं पाहू तं दे मले. मी काई बोलत नाई, दुरून पाहीन." इंदूबाईंनी फाटकाचा गज धरला. तो उन्हाने तापायला लागला होता. वर्गात त्यांनी पोरांना एकच गोष्ट सतत सांगितली होती की चूक झाली तर हात वर करायचा, लपवायची नाही, बाई मारत नाहीत. त्यांनी सांगून टाकलं. "रामी, त्याचं नाव मी सांगितलं. मोबाइलवर दाखवलं रूपसिंगने. मी ओळखलं आणि बोलून गेले." रस्त्याने एक काळीपिवळी जीप माणसं लोंबकळवत दारव्ह्याकडे गेली, तिची धूळ दोघींच्या मध्ये बसली. मग रामीबाई हळूच म्हणाली, "काय करून राह्यला होता थो, फोटोत?" वाकला होता, असं इंदूबाईंनी सांगितलं. दगड उचलायला वाकला असं पोलीस म्हणतात, हेही त्यांना सांगावं लागलं. तेव्हा रामीबाईचा आवाज पहिल्यांदा वर गेला, पण फार नाही. "दगड? बाई, मी होती ना खाली. मले उठता येत नव्हतं. थो माह्या आंगावर पडला. सगळ्या काठ्या त्याच्याच पाठीवर पडल्या. हा हात गेला थो पयलीच काठी बसली तवा." ती जायला वळली, पुन्हा थांबली आणि म्हणाली, "तुमची नजर चांगली हाय म्हन्तेत बाई. थे नाई दिसलं काय?"

ते दिसलं नव्हतं, कारण ते दाखवलं नव्हतं. तुकडा वाकण्यापाशी सुरू होत होता आणि वाकण्यापाशीच संपत होता. पण रामीबाई गेल्यावर, भाकरीचं पीठ मळताना, त्यांना जाणवलं की दिसण्यासारखं आणखी काहीतरी त्यात होतं आणि ते आपण पाहिलं आहे. आनंदाच्या भरात ते डोळ्यांवरून गेलं, पण डोळ्यांनी ते ठेवून घेतलं. त्यांनी तवा तसाच तापत ठेवला. धूर. पळणारे. मध्ये वाकलेला धम्मरत्न. आणि त्याच्या अलीकडे, पडद्याच्या अगदी कडेला, कॅमेऱ्याकडे पाठ केलेला एक हेल्मेटवाला. छातीवरची नावाची पट्टी दिसायचा प्रश्नच नव्हता, चेहऱ्यावर काच, अंगावर ते कासवाच्या कवचासारखं काळं चिलखत. असे दहा उभे केले तर त्यांच्या बायकांनाही वेगळे सांगता यायचे नाहीत. तो काठी उचलत होता. उचलण्याआधी त्याचा डावा खांदा चढत चढत पार कानाला टेकला आणि कोपर बरगडीला चिकटलं. लगोरी फोडायच्या आधी असंच व्हायचं. फळ्यावर येऊन लिहायला सांगितलं की असंच व्हायचं, खांदा कानाला आणि कोपर बरगडीला, कारण भीती वाटली की तांड्यावरून आलेलं ते पोर अंग आकसून घ्यायचं. बाई मागून जायच्या, दोन बोटांनी तो खांदा खाली दाबायच्या आणि म्हणायच्या, सैल सोड रे, कोणी खात नाही तुला. तवा जळल्याचा वास आला. इंदूबाई तशाच उभ्या. त्यांना आता कोणावर रागवायचं ते कळलं होतं, पण कळून आणखीच अवघड झालं होतं. रूपसिंगने स्वतः तो मोबाइल त्यांच्यापुढे धरला होता. त्याच्या मनातही आलं नव्हतं. येणार कसं? सगळ्यांची पाठ जगाला दिसते, ज्याची त्याला नाही.

ठाणेदाराने त्यांना फार मानाने बोलावलं. खुर्ची पुसून दिली, पंखा त्यांच्याकडे वळवला, मातोश्री म्हणाला. तो बाहेरच्या जिल्ह्यातला, नवा, गोरा, नखं स्वच्छ कापलेला माणूस होता. तहसीलमध्ये ओळख परेड होणार आहे, त्यात ओळखलेल्या माणसावर फक्त हात ठेवायचा, एवढंच काम. आरोपीचा चेहरा व्हिडिओत नाही, म्हणून माणसं पाठमोरी उभी करू, तुम्ही पाठीवरून ओळखता हे, रूपसिंगपुढे बोललात तसं, आम्ही तुमच्या जबाबात घेतलंच आहे. शिकलेल्या लोकांनी सरकारला साथ दिली नाही तर कोणी द्यायची? इंदूबाईंनी सांगितलं की तो दगड उचलत नव्हता, आईच्या अंगावर वाकला होता. ठाणेदार हसला. ते हसू त्यांना ओळखीचं वाटलं. शेरा मारणाऱ्या साहेबाचं होतं. "तेवढं तुम्हाला कोणी विचारणार नाही, मातोश्री. तुम्ही तिथे होता का? नाही ना. मग जे पाहिलं तेवढंच सांगायचं." आणि मग फाइल बंद करता करता, जणू आताच आठवलं म्हणून, त्यांच्या मुलाची चौकशी केली. नागपूरला सरकारी नोकरीतच ना? छान. हल्लीचे कायदे कडक आहेत, मदत करणाराही त्यात येतो, लोकांना माहीत नसतं. त्या घरी पोहोचण्याआधीच मुलाचा, कपिलचा फोन आला; त्याला कोणीतरी आधीच गाठलं होतं. तो आधी चिडला, मग गयावया करू लागला, मग म्हणाला की आई, तू खरंच त्याला ओळखलंस, मग खरं सांगायला तुला काय अडचण आहे, आयुष्यभर तेच तर शिकवलंस. इंदूबाईंनी फोन ठेवला. मुलाचं बोलणं चुकीचं नव्हतं. या लोकांना खोटं नको होतं. खोटं त्यांनी स्वतःच बनवून घेतलं असतं. त्यांना हवा होता खऱ्याचा एक तुकडा, कडेकडेने कापलेला, आणि तो कापायला हवी होती एक बाई जिचं कधी कोणी खोटं ठरवलं नव्हतं. नाही ओळखत म्हणावं? तर आयुष्यभराचं गेलं, आणि त्यांच्याकडे जबाब होताच. ओळखते म्हणावं? तर पोर कित्येक वर्षं आत. रामीबाईचं वय काय, ती तोवर राहील का?

परेडच्या दिवशी जीप घेऊन आला तो रूपसिंगच. या वेळी वर्दीत. पाया पडायला वाकला तर इंदूबाई बाजूला सरल्या आणि जीपमध्ये चढल्या. बाजाराचा दिवस होता, रस्त्याला कापसाच्या गाड्यांची रांग, हवेत कापसाचे तंतू उडत होते. मग त्यांनी विचारलं की त्या दिवशी तुझी ड्यूटी कुठे होती. बंदोबस्तात होतो, फाटकाजवळ, असं तो म्हणाला. हेल्मेट होतं का, असं त्यांनी विचारलं. "सगळ्याइलेच होतं, बाई." त्याने आरशातून मागे पाहिलं. पुढच्या सीटवर त्याची मान हळूहळू ताठ झाली. बाई मागच्या सीटवर होत्या, म्हणजे त्यांच्या नेहमीच्या जागी. "बाई, वरून आर्डर येते," तो म्हणाला. "आपन काय करनार? मी नाई मारलं तं बाजूच्यानं मारलं असतं. आन् थो मले ओळखून राह्यला होता खाली पडून, नाव घेऊन राह्यला होता माह्यं. सगळ्यायसमोर. म्या म्हनलं, चूप राह्य बे, चूप राह्य." आपण काय बोललो ते त्याला उशिरा कळलं असावं. इंदूबाईंनी खिडकीची काच खाली केली. त्याच्या मानेवर केसांच्या खाली घामाची एक रेघ आली होती आणि ती कॉलरमध्ये उतरत होती. त्यांचा हात सवयीने पुढे जाऊ लागला, तो खांदा खाली दाबायला. त्यांनी तो मुठीत आवळून मांडीवर ठेवला. याचंच आपल्याला अधिक वाईट वाटतं आहे काय, याचं, धम्मरत्नचं नव्हे? आणि या विचाराने राग असा उसळला की कान गरम झाले. ज्या कोणी वर बसून हे केलं, एकाच पट्टीवरच्या दोन पोरांना काठीच्या दोन टोकांना आणून उभं केलं, त्यांना या दोघांची नावंही माहीत नव्हती. त्यांना नुसता रस्ता मोकळा हवा होता.

तहसीलमधल्या त्या लांबट खोलीत नायब तहसीलदार मॅडम टेबलाशी बसल्या होत्या. तरुण होत्या, नोकरीत नवीन असाव्यात. पेनाचं टोपण उघडत आणि लावत होत्या. परेडच्या वेळी पोलिसाने खोलीत थांबायचं नाही असा नियम, म्हणून रूपसिंग दाराबाहेरच्या व्हरांड्यात जाऊन उभा राहिला, पण दार उघडंच होतं आणि तो उंबऱ्यापलीकडे पाठ करून उभा होता. ठाणेदार म्हणे चहा प्यायला गेला होता. समोरच्या भिंतीकडे तोंड करून माणसं उभी होती. बाजारातून पकडून आणलेली, साधारण एका बांध्याची, कोणी हमाल, कोणी भाजीवाला, कोणाच्या शर्टावर अजून कापूस चिकटलेला. ती सगळी अवघडून पण आपापल्या परीने सैल उभी होती. एक जण पाय बदलत होता, एकाने मान खाजवली. उजवीकडून तिसरा मात्र अजिबात हलत नव्हता. त्याने खांदे थोडे पुढे घेतले होते, शर्ट अंगाला लागू नये म्हणून. डावा वर होता. तरीही पाठ इतकी बदलली होती की इंदूबाईंना दुसरीकडे पाहावंसं वाटलं. घरी मार खाल्लेलं पोर भिंतीला टेकत नाही, हे त्यांनी कितीदा पाहिलं होतं. असं पोर दिसलं की त्या दुपारी त्याच्या घरी जायच्या आणि बापाला विचारायच्या. इथे कोणाच्या घरी जायचं?

त्या रांगेच्या मागून चालू लागल्या. चपलेचा आवाज ऐकून तो तिसरा किंचित सरळ झाला, वर्गात व्हायचा तसा. त्याला कळलं होतं मागे कोण आहे. इंदूबाई थांबल्या आणि मागे वळून मॅडमना म्हणाल्या की सगळ्यांना सदरे वर करायला सांगा. मॅडम गोंधळल्या. तसं करत नाहीत मावशी, तुम्ही फक्त हात ठेवा. "मी पाठीवरून ओळखते असं तुमच्या कागदात लिहिलंय ना? मग मला पाठ बघू द्या. शर्ट ओळखायला नाही आले मी." तो आवाज मोठा नव्हता. पण भाजीवाल्याने आपसूक शर्ट वर केला, मग हमालाने, मग एकेकाने. घामोळ्या उठलेली पाठ, तिळांची पाठ, पोत्यांनी घट्टे पडलेली पाठ. तिसऱ्याचा हात खांद्याच्या वर जाईना. शर्ट दोन ठिकाणी कातडीला चिकटला होता. इंदूबाईंनी तो पाण्यात भिजलेल्या वहीचं पान सोडवावं तसा बोटांनी सोडवला, वर केला आणि धरून ठेवला. पेनाचं टोपण टेबलावरून घरंगळून खाली पडलं. काही वळ जुने होते, हिरवट पिवळे, ते रस्त्यावरचे. काही नवे होते, काळेनिळे, एकमेकांवर आडवे, ते आतले.

"ओळखलं मी याला," इंदूबाई म्हणाल्या. "हात ठेवत नाही, ठेवायला जागा नाही. लिहा." आणि त्या सांगू लागल्या, एकेक शब्द सुटा करून, मागच्या पोरालाही ऐकू जाईल अशा बेताने. हा धम्मरत्न बळीराम मनवर. व्हिडिओत हाच आहे. खाली पडलेल्या आपल्या आईच्या अंगावर हा वाकलेला आहे. त्याच्या पाठीवर काठी उचललेला हेल्मेटवाला शिपाई मी ओळखते. तो रूपसिंग राठोड. तोही माझा विद्यार्थी. तो त्या दारात उभा आहे. दारातली पाठ हलली, अर्धी वळली. डावा खांदा कानाकडे चढू लागला होता.

"बाई," तो बाहेरून म्हणाला. एवढंच.

"वळू नको, रूपसिंग. उभा राह्य तसाच."

तो थांबला. मॅडमच्या हातातलं पेन कागदावर टेकलं होतं, पण हलत नव्हतं. त्या दाराकडे पाहत होत्या, पलीकडे व्हरांड्यात बुटांचा आवाज जवळ येत होता, ठाणेदाराचा चहा झाला असावा. इंदूबाईंनी शर्ट सोडला नाही. हाताला कळ लागली होती. लिहून झालं का, असं त्यांनी विचारलं. कागद कोराच होता. मग एखाद्या पोराची पाटी कोरी राहिली की त्या जशा पुन्हा पहिल्यापासून सांगायच्या, न रागावता, तशा त्यांनी पहिल्यापासून सुरुवात केली. हा धम्मरत्न बळीराम मनवर. पूर्णविराम. व्हिडिओत हाच आहे. पूर्णविराम. बूट उंबऱ्याशी आले. इंदूबाईंनी तिकडे पाहिलं नाही. खाली पडलेल्या आपल्या आईच्या, स्वल्पविराम नको, अंगावर हा वाकलेला आहे.